कालपंडित ह्लादीक : एका गुप्त चमत्काराचें परीक्षण

जगांत जे पंडित होऊन गेले त्यांचीं चरित्रें पुष्कळ आहेत, आणि त्यांतील बहुतेक कंटाळवाणीं आहेत. याचें कारण उघड आहे. पंडिताचें खरें आयुष्य त्याच्या मेजापाशीं घडतें, आणि तेथें जें घडतें तें चरित्रकाराला दिसत नाहीं; मग तो बिचारा पदव्या, प्रवास आणि मानपत्रें यांची यादी देऊन पानें भरतो. जो पंडित कधीं जन्मलाच नाहीं त्याचें चरित्र लिहिणाऱ्याला ही अडचण नसते. त्याला आपल्या नायकाच्या मनांत थेट शिरतां येतें. परंतु त्याच्यापुढें दुसरी अडचण उभी राहते. जो नव्हताच त्याच्या विद्वत्तेवर वाचकानें विश्वास कां ठेवावा, आणि त्याच्या मरणानें वाचकाचें मन कां हलावें? या दोन्ही प्रश्नांना समर्पक उत्तर देणारी एक लहानशी कथा आम्हीं परीक्षणासाठीं घेतली आहे. कथा अवघ्या कांहीं पानांची आहे. पण कालाचें स्वरूप, स्मृतीचें सामर्थ्य आणि लेखकाचें कर्तव्य या तीन विषयांवर तिनें जें सांगितलें आहे तें पुष्कळ जाड ग्रंथांना सांगतां आलेलें नाहीं, असें आमचें मत आहे.

आर्जेंटिनाचा लेखक होर्हे लुईस बोर्हेस (१८९९–१९८६) याची ‘गुप्त चमत्कार’ ही कथा ब्वेनोस आयरेस येथील ‘सुर’ या मासिकांत सन १९४३ मध्यें प्रथम प्रसिद्ध झाली आणि पुढल्याच वर्षीं ‘फिक्सियोनेस’ या संग्रहांत आली. ‘सुर’ म्हणजे दक्षिण. हें मासिक सन १९३१ मध्यें व्हिक्टोरिया ओकाम्पो यांनीं काढलें. सन १९२४ मध्यें आजारी रवींद्रनाथ ठाकुरांचा पाहुणचार ज्यांनीं केला, आणि ज्यांना रवींद्रनाथांनीं ‘विजया’ या नांवानें ‘पूरबी’ हा काव्यसंग्रह अर्पण केला, त्याच या बाई. कथेला इंग्रजी वाचकवर्ग मात्र सन १९६२ मध्यें, पुस्तकरूप भाषांतरें निघाल्यावर, लाभला. आणि आपल्याकडे बोर्हेसचें नांव पोंचलें तें प्रायः त्या भाषांतरांच्याच वाटेनें.

कथेचा नायक यारोमिर ह्लादीक हा प्राग शहरांत राहणारा, चाळिशी उलटलेला ग्रंथकार. त्यानें ‘चिरंतनतेचें समर्थन’ नांवाचा दोन भागांचा ग्रंथ लिहिला आहे. पहिल्या भागांत पार्मेनिडीजच्या अचल सत्तेपासून हिंटनच्या बदलतां येण्याजोग्या भूतकाळापर्यंत मनुष्यानें कल्पिलेल्या नानाविध चिरंतनता वर्णिल्या आहेत. दुसऱ्या भागांत, ब्रॅड्लेच्या मताचा आधार घेऊन, विश्वांतील सर्व घटना एका कालक्रमांत बसतात हें मतच त्यानें खोडून काढलें आहे. मनुष्याला येऊं शकणाऱ्या अनुभवांची संख्या अनंत नाहीं, आणि एकच अनुभव एकदां जरी पुन्हा आला तरी काल हा भ्रम ठरतो, असा त्याचा युक्तिवाद आहे. याशिवाय याकोब ब्योमे या जर्मन गूढवाद्याच्या विचारांतील ज्यू उगमांवर त्यानें निबंध लिहिला आहे, ‘सेफेर येत्सिरा’ या प्राचीन हिब्रू गूढग्रंथाचें भाषांतर केलें आहे, आणि ‘शत्रू’ नांवाचें एक पद्य नाटक अर्धवट ठेवलें आहे. पार्मेनिडीज, हिंटन, ब्रॅड्ले, ब्योमे हे सर्व खरे; ‘सेफेर येत्सिरा’ही खरा. खोटा काय तो एकटा ह्लादीक. एवढ्या खऱ्या माणसांच्या पंगतींत बसविल्यावर तोही खरा वाटूं लागतो. आरंभीं विचारलेल्या पहिल्या प्रश्नाचें उत्तर हें असें आहे.

तारीख १५ मार्च १९३९ रोजीं पहाटे जर्मन सैन्य प्रागमध्यें शिरलें. ही इतिहासांतील गोष्ट. कथेंतील गोष्ट अशी कीं, १९ तारखेस ह्लादीक पकडला गेला. त्याची आई ज्यू कुळांतली, ब्योमेवरील त्याचा निबंध ज्यू वळणाचा, आणि ऑस्ट्रिया गिळंकृत करण्याविरुद्धच्या निषेधपत्रावर त्याची सही. यांतील कांहींच त्याला नाकारतां येईना. परंतु देहांताची शिक्षा होण्यास आणखी एक कारण घडलें, आणि तें आम्हां परीक्षण लिहिणाऱ्यांनीं विशेष लक्षांत ठेवण्यासारखें आहे. हिब्रू ग्रंथाच्या भाषांतराची जाहिरात करतांना प्रकाशकानें आपल्या सूचींत भाषांतरकाराची थोरवी फुगवून सांगितली होती. ती सूची एका जर्मन अधिकाऱ्याच्या वाचनांत आली. दोनतीन विशेषणें पाहून या माणसाचें महत्त्व फार आहे अशी त्याची खात्री झाली, आणि इतरांना दहशत बसावी म्हणून ह्लादीकला गोळ्या घालण्याचें ठरलें. दिवस २९ मार्च, वेळ सकाळीं ९ ची.

मधल्या दहा दिवसांतलें ह्लादीकचें मन बोर्हेसनें ज्या सूक्ष्मतेनें रंगविलें आहे त्याला तोड नाहीं. ह्लादीक शेंकडों वेळां मनांतल्या मनांत मरतो. पुढें त्याला एक वेडगळ तर्क सुचतो : वस्तुस्थिति आपल्या अपेक्षेप्रमाणें कधींच घडत नाहीं, तेव्हां एखादा भयंकर प्रकार आधींच कल्पून ठेवला कीं तो घडण्याचें टळलें. म्हणून तो मुद्दाम क्रूर क्रूर तपशील कल्पीत बसतो, आणि मग हेच तपशील भविष्यवाणी ठरले तर, या भीतीनें अधिकच घाबरा होतो. ज्यांनीं आजारी माणसाच्या उशाशीं रात्र काढली आहे त्यांना हा तर्क अपरिचित वाटणार नाहीं. अमंगल गोष्ट मनांत आणूं नये असें आपल्या घरांत सांगतात. ह्लादीक नेमकें उलट करतो, पण दोहोंच्या मुळाशीं असलेली असहायता एकच आहे.

अखेरच्या रात्रीं त्याला आपल्या अपुऱ्या नाटकाची आठवण होते, आणि तो अंधारांत देवापाशीं मागणें मागतो. जीव वांचव, असें तो म्हणत नाहीं. नाटक पुरें करण्यास एक वर्ष दे, एवढेंच तो मागतो. पहाटे त्याला स्वप्न पडतें. प्रागच्या क्लेमेंटिनम ग्रंथालयांतला काळा चष्मा लावलेला ग्रंथपाल त्याला सांगतो कीं, येथील चार लक्ष ग्रंथांपैकीं कोणत्या तरी ग्रंथाच्या कोणत्या तरी पानावरील एका अक्षरांत देव आहे, आणि तें अक्षर शोधतां शोधतां मी आंधळा झालों. इतक्यांत कोणी एक वाचक एक नकाशांचें पुस्तक परत करतो. ह्लादीक तें सहज उघडतो, तों भरतखंडाचा नकाशा निघतो. त्यांतील एका बारीक अक्षरावर तो बोट ठेवतो, आणि मागितलेला अवधि मंजूर झाल्याची वाणी उठते. भारतीय वाचकाला या ठिकाणीं किंचित् अभिमान वाटणें साहजिक आहे. परंतु त्यावरून कथेंत कांहीं भारतीय तत्त्वज्ञान दडलें आहे असें अनुमान काढणें उतावीळपणाचें होईल. कथेंतलें भारताचें कार्य एवढेंच कीं, तो दूर आहे, अफाट आहे, आणि त्याच्या नकाशावर अक्षरें फार दाट आहेत.

सकाळीं ८ वाजून ४४ मिनिटांनीं ह्लादीकला बराकीच्या अंगणांत आणतात. नऊ वाजेपर्यंत थांबावयाचें आहे. तुकडी उभी राहते. भिंतीवर रक्ताचे डाग पडतील म्हणून त्याला थोडें पुढें सरकावयास सांगतात, आणि त्याला भलत्याच वेळीं छायाचित्रकाराची धांदल आठवते. पावसाचा एक जड थेंब त्याच्या कानशिलावर पडून गालावर ओघळूं लागतो. नायक शेवटचा हुकूम सोडतो, आणि जग थांबतें. बंदुका रोखलेल्या, नायकाचा हात अर्धवट उचललेला, फरशीवर एका मधमाशीची सावली खिळलेली. ह्लादीकचें शरीरही खिळलेलेंच. चालतें आहे तें फक्त त्याचें मन. काल थांबला असता तर विचारही थांबला असता, हें त्याला तर्कानें समजतें. देवानें एक वर्ष दिलें आहे, पण तें त्याच्या मनापुरतेंच, हें कळण्यास आणखी एक ‘दिवस’ जातो. हुकूम आणि गोळी यांच्या मधल्या फटींत तो बारा महिने राहतो, नाटक रचतो, खोडतो, पुन्हा रचतो. शेवटीं एकच विशेषण अडतें. तें सांपडतें, थेंब गालावरून घरंगळतो, गोळ्या सुटतात. ह्लादीक २९ मार्च रोजीं सकाळीं ९ वाजून २ मिनिटांनीं मरतो.

आतां गुणदोषांकडे वळूं. क्षणाचें युग आणि युगाचा क्षण होणें ही कल्पना आपल्या वाचकांस नवी नाहीं. योगवासिष्ठांत लवण राजापुढें एक ऐंद्रजालिक मोरपिसांचा कुंचा फिरवितो, आणि राजा सिंहासनावर दोन मुहूर्त निश्चल बसला असतां चांडाळांच्या वस्तींत एक सबंध संसार, मुलेंबाळें, दुष्काळ, सारें भोगून परत येतो. भागवतांत ककुद्मी राजा मुलीसाठीं वर विचारावयास ब्रह्मलोकीं जातो; तेथें क्षणभर गायन ऐकतो, तों इकडे सत्तावीस चतुर्युगें लोटलेलीं असतात. बोर्हेसची कथा या कथांची केवळ सावत्र बहीण आहे, असें म्हणून तिला वाटेस लावण्याचा मोह कित्येकांना होईल. आम्ही तसें करीत नाहीं. कारण दोहोंची दिशा अगदीं उलट आहे. लवण राजाला काल खरा वाटत होता. इंद्रजालानें त्याला तो मायिक असल्याचें कळलें. ह्लादीकनें काल मायिक असल्याचें ग्रंथ लिहून आधींच सिद्ध केलें होतें. आणि मरण समोर येतांच त्यानें काय मागितलें, तर त्याच कालांतले बारा महिने! ज्यानें चिरंतनतेचें समर्थन केलें त्यानें चिरंतनता मागितली नाहीं. एक वर्ष, मोजलेलें, संपणारें, कामाचें वर्ष मागितलें. या विसंगतींत कथेचा प्राण आहे. लेखकानें तीवर बोट ठेवून कोठेंही भाष्य केलेलें नाहीं, हें त्याच्या संयमाचें लक्षण होय.

ही विसंगति बोर्हेसला परकी नव्हती. ‘चिरंतनतेचा इतिहास’ नांवाचें पुस्तक त्यानें स्वतःच सन १९३६ मध्यें लिहिलें होतें. तेव्हां ह्लादीकच्या ग्रंथाचा पहिला भाग कोणाच्या मेजावरून उचलला आहे हें सांगणें नको. पुढें सन १९४७ मध्यें त्यानें ‘कालाचें नवें खंडन’ हा निबंध छापला, आणि त्याच्या शेवटीं आपणच माघार घेऊन, जग खरें आहे आणि आपणही त्यांतलेच एक आहों, हें खेदानें कबूल केलें. म्हणजे जें तत्त्वज्ञ बोर्हेसनें चार वर्षांनीं मान्य केलें तें कथाकार बोर्हेसनें आधींच ह्लादीककडून मान्य करवून घेतलें होतें. योगायोगाची आणखी एक गोष्ट : काळ्या चष्म्याचा आंधळा ग्रंथपाल रंगविणारा हा लेखक सन १९५५ मध्यें आर्जेंटिनाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचा संचालक झाला, आणि तोंवर त्याची स्वतःची दृष्टि जवळजवळ गेलेली होती.

दुसरा गुण स्मृतीच्या विचारांत आहे. ‘फिक्सियोनेस’ मध्येंच फुनेस नांवाच्या एका तरुणाची कथा आहे. घोड्यावरून पडल्यावर त्याला असें स्मरण येतें कीं, पाहिलेलें एकही पान, एकही ढग तो विसरूं शकत नाहीं. आणि त्यामुळें त्याला विचारच करतां येत नाहीं, कारण विचार करावयाचा तर कांहीं तरी विसरावें लागतें. ह्लादीक हा फुनेसचा प्रतिपक्ष आहे. त्याच्याजवळ कागद नाहीं, शाई नाहीं. ओळ रचावयाची ती मनांत, ठेवावयाची ती मनांत, आणि खोडावयाची तीही मनांतूनच. वृत्तबद्ध रचनेनें त्याला आधार मिळतो. ज्या कर्णकटु वर्णसंयोगांची फ्लोबेरला एवढी धास्ती होती ते केवळ डोळ्यांचे चोचले आहेत, उच्चारलेल्या शब्दाला त्यांची बाधा नाहीं, हेंही त्याला तेथेंच उमजतें. घनपाठी वैदिकांची परंपरा ज्यांनीं आपल्या गांवांत पाहिली आहे त्यांना हें पटवून देण्याची गरज नाहीं. परंतु येथेंही एक भेद आहे, आणि तो कथेच्या वर्माचा आहे. आपल्याकडील पाठांतर हें देण्याकरितां असतें. गुरूनें शिष्याला द्यावयाचें, बापानें मुलाला. ह्लादीकनें मुखोद्गत केलेलें नाटक घेणारा कोणी नाहीं. तें ज्या मस्तकांत पूर्ण झालें त्या मस्तकाबरोबरच तें संपलें.

मग या नाटकाला अर्थ काय? कथा वाचून सामान्य वाचकाच्या ओठांवर हाच प्रश्न येईल, आणि तो रास्त आहे. कित्येक जण निष्काम कर्माचा दाखला देऊन हा प्रश्न मिटवूं पाहतील. आम्हांला तो दाखला येथें लागू वाटत नाहीं. ह्लादीक निष्काम नाहीं. नाटक पुरें व्हावें ही त्याची इच्छा इतकी तीव्र आहे कीं, तीपुढें जिवाची इच्छाही फिकी पडते. त्यानें सोडला आहे तो श्रोता. तो पुढील पिढ्यांसाठीं रचीत नाहीं. देवासाठींही रचीत नाहीं, कारण देवाची वाङ्मयीन अभिरुचि त्याला ठाऊक नाहीं! तरीही तो तिसरा अंक दोनदां नव्यानें रचतो. नाटकांत घड्याळाचे ठोके पुन्हा पुन्हा पडत. तें प्रतीक फार उघड होतें म्हणून तो काढून टाकतो. ज्याच्या भोंवतीं सगळ्या जगाचें घड्याळ थांबलें आहे त्यानें आपल्या नाटकांतले ठोके पुसावेत, याहून मार्मिक टीका नाट्यकलेवर क्वचितच झाली असेल. ज्याला कोणीही पाहणार नाहीं तोही वाईट ओळ ठेवूं इच्छीत नाहीं : लेखकाच्या सचोटीची याहून कडक कसोटी आम्हांला ठाऊक नाहीं.

या कसोटीचा टोला कोणाला लागतो तेंही पाहावें. बोर्हेस सांगतो कीं, ह्लादीक इतर लेखकांचें मोल त्यांनीं काय करून दाखविलें यावरून ठरवी, आणि स्वतःचें मोल मात्र आपण काय योजिलें आहे यावरून लोकांनीं ठरवावें असें त्याला वाटे. हें वाक्य वाचून किती जणांना आपले खणांत पडलेले अपुरे कागद आठवतील! योजलेलें पुस्तक, योजलेला अभ्यास, मुलें मोठीं झाल्यावर करावयाचें म्हणून ठेवलेलें काम, हें सर्व आपण आपल्या खात्यावर जमा धरतों. ह्लादीकला एका वर्षाची भिक्षा मिळाली. ती कोणालाही मिळत नाहीं. आणि जीं वर्षें न मागतां मिळालीं तीं आपण कशीं वापरलीं, हा प्रश्न कथा न विचारतांच विचारते.

दोष नाहींत असें नाहीं. ह्लादीकच्या आयुष्यांत प्रेमाचें माणूस कोणीच नाहीं. आईचा उल्लेख येतो तो केवळ आरोपपत्रांतली बाब म्हणून. मरणाच्या दारांत उभ्या असलेल्या माणसाला वर्षभर एकाही आप्ताची आठवण होऊं नये, हें आम्हांला मनुष्यस्वभावास धरून वाटत नाहीं. बोर्हेसच्या पुष्कळ कथांत आढळणारी ही थंडी आहे. त्याची बुद्धि जितकी उजेड देते तितकी ऊब देत नाहीं. ‘शत्रू’ हें नाटकही आपल्याला सारांशरूपानेंच भेटतें, आणि त्याच्या श्रेष्ठत्वाची हमी कोणीच देत नाहीं. मात्र हा दुसरा दोष विचारांतीं गुणच ठरतो. नाटक थोर आहे असें सांगितलें असतें तर कथा एका थोर कवीच्या मृत्यूची झाली असती. तें सामान्यही असूं शकेल ही शंका कायम ठेविल्यानें ती कोणत्याही प्रामाणिक कारागिराची झाली.

अधिक गंभीर आक्षेप निराळा आहे. सन १९४३ मध्यें युरोपांत माणसें लक्षावधींनीं मारलीं जात असतां, मारल्या जाणाऱ्या एका ज्यूकुलीन पंडिताला कल्पनेंतलें वर्ष बहाल करणें ही क्रूर करमणूक नव्हे काय? आमचें उत्तर असें कीं, लेखकानें चमत्कार ‘गुप्त’ ठेविला आहे हेंच त्याचें समर्थन होय. गोळी फिरत नाहीं. हुकूम सोडणाऱ्याच्या हृदयाचा पालट होत नाहीं. सरकारी दप्तरांत नऊ वाजून दोन मिनिटें एवढीच नोंद राहील, आणि त्या दोन मिनिटांत काय होतें तें मारणाऱ्यांना कधींच कळणार नाहीं. कथा जुलमाला सौम्य करीत नाहीं; त्याचा हात कोठवर पोंचत नाहीं एवढेंच दाखविते. आणि हा लेखक सुरक्षित अंतरावरून नुसता कल्पनाविलास करीत होता असेंही नव्हे. सन १९३४ मध्यें तो ज्यू असल्याचा आळ एका राष्ट्रवादी नियतकालिकानें घेतला, तेव्हां ‘मी, एक ज्यू’ या मथळ्याचा लेख लिहून, आपल्या कुळांत ज्यू रक्त सांपडत नाहीं याचीच त्यानें उपरोधानें खंत केली होती.

शेवटीं एका लहानशा गोष्टीकडे वाचकांचें लक्ष वेधून थांबतों. प्रकाशकाच्या सूचींतील दोनतीन उसनीं विशेषणें ह्लादीकला भिंतीपाशीं आणून उभीं करतात. आणि नाटकांतलें शेवटचें, वर्षभर शोधलेलें, एक खरें विशेषण सांपडतांच त्याचा प्राण जातो. विशेषणें किती स्वस्त असतात आणि किती महाग पडतात, हें सांगण्यास वाङ्मयशास्त्रावरील प्रकरण लिहावें लागतें. बोर्हेसनें तें कथेच्या दोन टोकांना दोन ठिपके देऊन सांगितलें आहे. ज्या घरांत कथा मोठ्यानें वाचण्याची चाल अद्याप आहे त्या घरांत ही एकदां अवश्य वाचली जावी. वाचण्यास अर्धा तासही लागत नाहीं. त्यानंतर मनांत किती वेळ चालेल, त्याचा हिशेब मात्र घड्याळावर मांडतां येणार नाहीं.